मॅटचा अंतरिम आदेश आणि उशिरा गाठलेलं हायकोर्ट : सोलापूरच्या नवख्यांसाठी

मॅटने, म्हणजे राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांचे नोकरीचे वाद ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाने, अंतरिम आदेशात (मूळ अर्जाचा निकाल लागेपर्यंतच्या तात्पुरत्या आदेशात) बदलीला स्थगिती नाकारली, किंवा समोरच्याला दिली, आणि त्यानंतर चार-पाच महिने तुमच्याकडून काहीच हाललं नाही. आता हायकोर्टात जायचं ठरतंय. अशा वेळी पहिला प्रश्न ठरलेला असतो : मुदत गेली का?

रिट याचिकेला, म्हणजे अशा आदेशाविरुद्ध थेट हायकोर्टात करायच्या याचिकेला, कायद्यात दिवसांची मुदत लिहिलेली नाही. त्यामुळे 'मुदत गेली' असं कुणी म्हणत असेल तर ते चूक. पण 'मुदत नाही, सावकाश जाऊ' हे त्याहून चूक. हायकोर्ट दिवस मोजतंच, पण त्याहून जास्त लक्ष देतं ते त्या दिवसांत काय बदललं याकडे. तुमच्या खुर्चीवर दुसरा माणूस रुजू झाला का? भरतीचा निकाल लागला का? विभागाने आदेश पाळून टाकला का? काहीच बदललं नसेल तर सहा महिन्यांचा उशीरही पचतो. सगळं बदललं असेल तर चाळीस दिवसही जड जातात. पुढची सगळी तयारी याच भोवती फिरते.

हा लेख तिघांसाठी आहे : स्वतःची केस समजून घेऊ पाहणारा कर्मचारी, जिल्हा न्यायालयात नव्याने उभा राहणारा वकील, आणि कार्यालयाच्या विधी कक्षात नुकताच टेबल मिळालेला लिपिक.

आधी दरवाजा बरोबर आहे का ते बघा

सोलापुरात 'सरकारी नोकर' या एका शब्दात पाच वेगवेगळ्या वाटा दडलेल्या असतात. महसूल, पोलीस, जलसंपदा, सिव्हिल हॉस्पिटल, आरटीओ अशा राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांचं न्यायाधिकरण म्हणजे मॅट, महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. सोलापूर जिल्हा त्याच्या मुंबईच्या पीठाकडे येतो. रेल्वेच्या सोलापूर विभागातला किंवा पोस्टातला कर्मचारी केंद्रीय न्यायाधिकरणात, म्हणजे कॅटमध्ये जातो. जिल्हा परिषदेचा ग्रामसेवक किंवा प्राथमिक शिक्षक मॅटमध्ये जात नाही. त्याची वाट विभागीय आयुक्त आणि तिथून रिट अशी असते. महापालिका आणि एसटीतल्या कामगारांचे बरेचसे वाद औद्योगिक आणि कामगार न्यायालयात चालतात, तर खाजगी अनुदानित शाळेच्या शिक्षकाला शाळा न्यायाधिकरण आहे.

हे इतकं सांगायचं कारण म्हणजे हायकोर्टात गेल्यावर कोणत्या पीठापुढे उभं राहायचं ते यावर ठरतं. मॅट आणि कॅटच्या आदेशाविरुद्धची याचिका दोन न्यायमूर्तींच्या पीठापुढे जाते. 1997 साली एल. चंद्रकुमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींनी तसं ठरवून दिलं. त्याआधी या न्यायाधिकरणांच्या आदेशावर थेट सर्वोच्च न्यायालयातच जावं लागे. शाळा न्यायाधिकरणाच्या किंवा औद्योगिक न्यायालयाच्या आदेशाविरुद्ध राज्यघटनेच्या अनुच्छेद 227 खालची याचिका मात्र एका न्यायमूर्तींपुढे लागते. एका वर्गाचा नमुना उचलून दुसऱ्यासाठी वापरला की शीर्षकापासून चूक सुरू होते आणि ऑफिस ऑब्जेक्शनमध्ये, म्हणजे हायकोर्टाच्या कार्यालयाने काढलेल्या त्रुटी दुरुस्त करण्यात, दोन-तीन आठवडे जातात. आधीच उशीर झालेल्याला ते परवडत नाही.

तुमच्या हातात खरोखर 'आदेश' आहे का?

रोजनामा, म्हणजे प्रत्येक तारखेला काय झालं याची न्यायाधिकरणाची नोंद, नीट वाचा. 'प्रतिवादींना नोटीस. अंतरिम मागणीचा विचार उत्तर आल्यावर' एवढंच लिहिलं असेल तर अंतरिम मागणी नाकारलेली नाही, ती शिल्लक आहे. यावर रिट केली तर हायकोर्ट परत पाठवतं, आणि तो निरोप घेऊन मॅटमध्ये जाताना तुमची बाजू उगाच हलकी झालेली असते. अशा वेळी मॅटमध्येच किरकोळ अर्ज, म्हणजे एमए टाका आणि अंतरिम मुद्द्यावर सुनावणी मागा.

दुसरा प्रकार, 'पदोन्नती मूळ अर्जाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहील'. यात स्थगिती नसली तरी तुमचं संरक्षण आहे. मूळ अर्ज, म्हणजे ओए, जिंकलात तर पदोन्नती मागे घेता येते. असा आदेश उशिरा आव्हान द्यायच्या लायकीचा क्वचितच असतो. पगार किंवा थकबाकीच्या वादातही तसंच. पैशाचं नुकसान पुढे व्याजासकट भरून निघतं, म्हणून तिथे अंतरिम आदेश नाकारला यात हायकोर्टाला सहसा दोष दिसत नाही.

आदेश एकतर्फी दिलेला असेल आणि तुम्ही विभागाच्या बाजूने असाल, तर 1985 च्या प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाचं कलम 24 आधी वाचा. अर्जाची आणि कागदांची प्रत समोरच्याला दिल्याशिवाय आणि त्याचं म्हणणं ऐकल्याशिवाय अंतरिम आदेश द्यायचा नाही, असा नियम आहे. अपवाद म्हणून कारणं नोंदवून एकतर्फी आदेश देता येतो, पण चौदा दिवसांत प्रत देणं आणि ऐकून घेणं झालं नाही आणि न्यायाधिकरणाने आदेश पुढे चालू ठेवला नाही, तर तो संपतो. पुष्कळ कार्यालयं हे न बघता थेट रिटचा प्रस्ताव पाठवतात. आदेश उठवण्याचा एमए मॅटमध्येच टाकला तर काम लवकर होतं, आणि 'आधी तिथे का गेला नाहीत?' हा हायकोर्टातला प्रश्नही टळतो.

याची उलट बाजूही ध्यानात ठेवा. एमएवर एमए आणि निवेदनावर निवेदन देत बसल्याने घड्याळ थांबत नाही. 2008 च्या सी. जेकब प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की निवेदनाला उत्तर आलं म्हणून शिळा दावा ताजा होत नाही. एक एमए, त्यावर निर्णय, मग रिट. एवढंच करा.

उशिराचा खुलासा : याचिकेतली सर्वांत महत्त्वाची दोन पानं

इथे नवखे वकील एक हमखास चूक करतात. लिमिटेशन ॲक्टच्या (मुदतीच्या कायद्याच्या) कलम 5 खाली 'विलंब माफीचा अर्ज' टाकतात. रिटला मुदतच नाही, तर माफी कशाची? खुलासा याचिकेच्या मजकुरातच, स्वतंत्र परिच्छेदात द्यायचा असतो. विलंब माफीचा अर्ज लागतो तो मॅटमध्ये, ओए दाखल करताना एक वर्षाची मुदत उलटून गेली असेल तर, प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम 21 खाली. हे दोन विलंब वेगळे ठेवा.

खुलासा कसा लिहायचा ते उदाहरणावरून पाहू. समजा, मंगळवेढ्यातल्या एका मंडळ अधिकाऱ्याची 30 मे 2025 ला अक्कलकोटला बदली झाली. जागेवर येऊन एकोणीस महिनेच झालेले. बदल्यांच्या 2005 च्या अधिनियमात कलम 3 प्रमाणे साधारण कार्यकाळ तीन वर्षांचा आहे, त्यामुळे मुद्दा आहे. 4 जूनला ओए दाखल झाला, 9 जूनला मॅटने अंतरिम स्थगिती नाकारली. रिट तयार झाली 10 नोव्हेंबरला. मध्ये 154 दिवस.

बहुतेक मसुद्यांत खुलासा असा असतो : 'याचिकाकर्त्याची प्रकृती ठीक नसल्याने व आर्थिक अडचणीमुळे याचिका दाखल करण्यास उशीर झाला, तो हेतुपुरस्सर नाही.' यातून न्यायमूर्तींना काहीच कळत नाही. कुठले दिवस आजारपणात गेले? उरलेल्या दिवसांत काय केलं?

आता तेच नीट :

9 जून – आदेश. 11 जून – आदेश संकेतस्थळावर दिसला. 12 जून – प्रमाणित प्रतीचा अर्ज. 20 जून – प्रत हाती. 24 जून ते 19 जुलै – सोलापुरातल्या रुग्णालयात दाखल, डिस्चार्ज कार्ड परिशिष्ट 'छ'. 14 ऑगस्ट – ओएची अंतिम सुनावणी नेमलेली, विभागाचं उत्तर न आल्याने पुढची तारीख. 11 सप्टेंबर – पुन्हा उत्तराला वेळ. 16 ऑक्टोबर – तेच. पुढची तारीख थेट 15 जानेवारी 2026. तिन्ही रोजनामे परिशिष्ट 'ज'. 27 ऑक्टोबर – वकिलांचा सल्ला. 10 नोव्हेंबर – याचिका.

फरक दिसतो ना? आजारपणाचे फक्त सव्वीस दिवस आहेत आणि तेवढेच सांगितलेत. खरं वजन ऑगस्ट ते ऑक्टोबरच्या रोजनाम्यांत आहे. हा माणूस हात बांधून बसला नव्हता, मूळ अर्जाचा निकाल लागेल म्हणून थांबला होता, आणि तो लांबला विभागामुळे. उशिराचं ओझं इथे अर्धंअधिक समोरच्याच्या खांद्यावर जातं.

20 जुलै ते 13 ऑगस्ट या दिवसांचं काय? तिथे काहीच घडलं नसेल तर काहीच घडलं नाही असंच लिहा : 'प्रकृती सावरत असताना 14 ऑगस्टच्या अंतिम सुनावणीची वाट पाहिली.' खोटं वैद्यकीय प्रमाणपत्र जोडून भोक बुजवायचा मोह टाळा. विभागाकडे तुमचा रजेचा अर्ज, हजेरीपट आणि बायोमेट्रिक नोंदी असतात. दाखल असल्याच्या तारखांना कार्यालयात अंगठा लावलेला निघाला, तर याचिका उशिरावर नव्हे, लपवाछपवीवर फेटाळली जाते. ती बदनामी पुढे मॅटमध्येही तुमच्याबरोबर येते.

तक्त्याबरोबर दुसरा परिच्छेद हवा : या काळात काय बदललं, काय नाही. 'याचिकाकर्त्याने अक्कलकोटला रुजू होण्याऐवजी वैद्यकीय रजा घेतली. मंगळवेढ्याची जागा आजही अतिरिक्त कार्यभारावर आहे' असं लिहिता येत असेल तर तुमची याचिका जिवंत आहे. तिथे दुसरे अधिकारी रुजू झाले असतील तर तेही सांगा आणि त्यांना प्रतिवादी करा. ज्याची खुर्ची हलणार त्याला न ऐकता हायकोर्ट आदेश देत नाही. त्याला वगळणं म्हणजे पहिल्याच तारखेला दुरुस्तीला वेळ मागणं.

पदोन्नती आणि ज्येष्ठता यादीच्या वादात न्यायालयाचा हात सर्वांत आखडता असतो, कारण तिथे खाली पन्नास जणांची गणितं बदलतात. 1974 च्या पी. एस. सदाशिवस्वामी निकालात, कनिष्ठाला बढती दिल्याचं आव्हान सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात यावं असं म्हटलं आहे. तो माणूस चौदा वर्षांनी आला होता. भरतीत तर निकाल लागून नियुक्तीपत्रं निघाली की अंतरिम टप्प्यावर भांडण्यासारखं फारसं उरतच नाही.

रुजू होताना आणि आदेश पाळताना एक ओळ

बदली झाल्यावर नव्या जागी रुजू व्हावंच लागतं, नाहीतर अनधिकृत गैरहजेरीची नोटीस येते. रुजू अहवालात एवढंच जोडा : 'माझे हक्क अबाधित ठेवून आणि ओए क्रमांक अमुकच्या निर्णयाच्या अधीन राहून रुजू होत आहे.' ही ओळ नसेल तर सहा महिन्यांनी सरकारी वकील तोच अहवाल दाखवून म्हणतात, यांनी बदली मान्य केली.

विभागालाही हेच लागू. मॅटने निलंबित कर्मचाऱ्याला अंतरिम आदेशाने कामावर घ्यायला सांगितलं आणि कार्यालयाने साधं पुनर्स्थापनेचं पत्र काढलं, तर नंतरच्या रिटमध्ये 'तुम्ही तर आदेश स्वीकारलात' हे उत्तर तयार असतं. पत्रातच 'प्रस्तावित याचिकेच्या निर्णयाच्या अधीन राहून' असं नमूद करायला हवं.

कागदांची जुळवाजुळव

याचिकेसोबत काय लागतं ते माहीत असलं तरी उशिराच्या याचिकेत कुठे कमी पडतं ते वेगळं आहे. सारांश आणि तारखांची यादी, याचिका, आव्हानित आदेशाची प्रमाणित प्रत, ओए सर्व परिशिष्टांसह, विभागाचं उत्तर, प्रत्युत्तर, वकीलपत्र, पत्त्यांचा मेमो, शपथपत्र, हे सगळे जोडतात. जे राहून जातं ते म्हणजे सगळे रोजनामे. उशिराचा खुलासा रोजनाम्यांवर उभा असतो, म्हणून पहिल्या तारखेपासून शेवटच्यापर्यंत सलग लावा. मधला एखादा गाळलात तर तोच नेमका तुमच्या वकिलाने तारीख मागितलेला आहे असं समजलं जातं. बऱ्याचदा असतोही.

निवेदनं, बदली आदेश, नोटशीट हे मराठीत असतात. इंग्रजी भाषांतर सोबत ठेवा, निदान ज्या दोन-तीन कागदांवर युक्तिवाद टेकलेला आहे त्यांचं तरी. झेरॉक्सवर शिक्का आणि जावक क्रमांक वाचता येत नसेल तर टंकलिखित प्रत लावा. अस्पष्ट पानं हे ऑफिस ऑब्जेक्शनचं नेहमीचं कारण. ऑब्जेक्शन वेळेत काढली नाहीत तर याचिका स्टॅम्प नंबरवरच (दाखल करताना मिळालेल्या तात्पुरत्या क्रमांकावरच) अडकते आणि शेवटी सशर्त आदेशाने फेटाळली जाते. मग ती पुन्हा उभी करायला आणखी एक अर्ज आणि आणखी एक खुलासा.

पक्षकार कोण? राज्य शासन संबंधित विभागाच्या सचिवांमार्फत, आदेश काढणारा अधिकारी, आणि ज्याच्या हक्कावर परिणाम होतो तो. मॅटला प्रतिवादी करू नका. निवाडा करणाऱ्याने स्वतःच्या निवाड्याचा बचाव करायला यायचं नसतं.

मागणी काय लिहायची

इथे आवर घाला. हायकोर्टापुढे सध्या फक्त अंतरिम आदेश आहे, मूळ बदली नाही. 'बदली आदेश रद्द करावा' ही मागणी वर ठेवली की पहिला शेरा येतो : ते मॅटपुढे प्रलंबित आहे. तेव्हा क्रम असा लावा. पहिली मागणी, 9 जूनचा आदेश रद्द करून ओए निकाली लागेपर्यंत बदलीला स्थगिती. दुसरी, पर्यायी : अंतरिम अर्ज मॅटने कारणांसह नव्याने ऐकावा. तिसरी, तीही पर्यायी : ओए ठरावीक आठवड्यांत अंतिम निकाली काढण्याचा निर्देश.

तिसरी मागणी कमीपणाची नाही, हे पक्षकाराला आधीच सांगून ठेवा. उशिरा आलेल्या याचिकेत हायकोर्ट बहुतेक वेळा तिथेच येऊन थांबतं : 'सर्व मुद्दे खुले, ओए लवकर ऐका.' जानेवारीची तारीख नोव्हेंबरात आली तर पक्षकाराने पाच महिन्यांत जे मिळवलं नाही ते मिळवलं.

आणि युक्तिवाद? अंतरिम आदेश चुकीचा आहे एवढं पुरत नाही. आदेशाला कारणंच नाहीत. कलम 24 पाळलं नाही. बंधनकारक निकाल दाखवूनही त्याचा उल्लेख नाही. किंवा अंतरिम म्हणून अंतिमच देऊन टाकलं, यातलं काहीतरी हवं. प्रथमदर्शनी बाजू, सोयीचा तोल आणि भरून न येणारं नुकसान ही तीन मापं मॅटने लावली आणि तुमच्या विरुद्ध कौल दिला, तर हायकोर्ट स्वतःचं मत त्याजागी बसवत नाही. उशीर झालेला असताना तर मुळीच नाही.

कोल्हापूर की मुंबई

17 ऑगस्ट 2025 ला मुंबई हायकोर्टाच्या कोल्हापूर सर्किट बेंचचं उद्घाटन झालं आणि 18 ऑगस्टपासून काम सुरू झालं. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे तिथे येतात. भाऊसिंगजी रोडवर सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयाच्या इमारतीत हे बेंच आहे. सिद्धेश्वर एक्सप्रेसने रात्री निघून सकाळी सीएसएमटीला उतरायची सवय असलेल्या सोलापूरकराला आता मंगळवेढा-सांगोला-मिरजेची वाट धरायची आहे. मॅटचं काम मात्र मुंबईलाच. म्हणजे एकाच वादात ओएसाठी मुंबई आणि रिटसाठी कोल्हापूर, हे ध्यानात ठेवून दोन्हीकडच्या तारखा एकाच वहीत मांडा. मॅटमध्ये तारीख असताना कोल्हापुरात वकील नाही आणि कोल्हापुरात सर्क्युलेशन (तातडीची याचिका पीठापुढे ठेवण्याची तारीख) असताना मॅटमध्ये कुणी नाही, असे घोळ यातूनच होतात.

दाखल केल्यावर प्रत सरकारी वकिलांच्या कार्यालयात देऊन पोच घ्या. तातडी असेल तर प्रिसिपी (लेखी विनंतीची चिठ्ठी) देऊन सर्क्युलेशन मागा. पण पाच महिने थांबून 'अत्यंत तातडीचं' म्हणताना आज नेमकी तातडी कुठली ते एका वाक्यात सांगता यायला हवं : 'सोमवारी कार्यभार हस्तांतरण आहे', 'निवृत्तीला चाळीस दिवस उरलेत'. ते वाक्य नसेल तर नेहमीच्या क्रमाने लागू द्या.

विधी कक्षातल्या लिपिकासाठी

विभागाच्या बाजूने उशीर कसा होतो ते सगळ्यांना ठाऊक आहे. मॅटचा आदेश येतो. सादरकर्ता अधिकाऱ्यांचं (मॅटमध्ये शासनाची बाजू मांडणाऱ्यांचं) पत्र टपालात पडतं. कार्यालय पुण्याला विभागीय आयुक्तांना कळवतं, तिथून मंत्रालय, मग विधी व न्याय विभागाचं मत, मग सरकारी वकील. मध्ये एक त्रुटी निघून फाइल परत. तेवढ्यात कर्मचारी अवमान अर्ज टाकतो आणि मग एका रात्रीत सगळ्यांना रिट आठवते.

न्यायालयाला हा क्रम पाठ आहे. 2012 च्या पोस्टमास्टर जनरल विरुद्ध लिव्हिंग मीडिया या निकालात 427 दिवसांचा उशीर सर्वोच्च न्यायालयाने माफ केला नाही. फाइल टेबलांवर फिरत होती हे कारण आधुनिक साधनांच्या काळात चालणार नाही असं सांगितलं. 2020 मध्ये मध्य प्रदेश शासन विरुद्ध भेरूलाल यात 663 दिवसांच्या उशिरासाठी शासनाला 25,000 रुपये खर्च बसवला आणि तो जबाबदार अधिकाऱ्यांकडून वसूल करायला सांगितला. ती प्रकरणं मुदतीच्या कायद्याखालची होती, रिटची नाहीत. पण रिटमध्येही सरकारी उशिराकडे बघायची नजर तीच असते.

तेव्हा आदेशाच्या दिवशीच तीन गोष्टी करा. आदेश संकेतस्थळावरून उतरवून ईमेलने वर पाठवा, टपालाची वाट बघू नका. त्याच ईमेलमध्ये परिच्छेदनिहाय अभिप्रायाचा मसुदा आणि 'पालन करावे, एमए करावा की रिट' यावर कार्यालयाचं स्पष्ट मत द्या. नुसतं 'मार्गदर्शन व्हावे' लिहिलेली फाइल सर्वांत जास्त फिरते. आणि पालनाची शेवटची तारीख फाइलच्या पहिल्या पानावर लाल शाईने लिहा.

रिट दाखल झाली म्हणजे स्टे मिळाला, हा समज आधी काढून टाका. प्रत्यक्ष स्थगिती मिळेपर्यंत आदेश पाळायचाच असतो, आणि मॅटला प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम 17 ने अवमानाचे हायकोर्टासारखेच अधिकार आहेत. निलंबनाच्या प्रकरणात आणखी एक गोष्ट बघा. 2015 च्या अजयकुमार चौधरी निकालानुसार आणि त्यावर राज्याने 9 जुलै 2019 ला काढलेल्या शासन निर्णयानुसार, तीन महिन्यांत दोषारोपपत्र बजावलेलं नसेल तर निलंबन पुढे रेटता येत नाही. ते बजावलेलंच नसेल तर उशिरा रिट करून काही हाती लागत नाही. त्या वेळात दोषारोपपत्र तयार करा.

आदेश तुमच्या बाजूने असेल तर

स्वस्थ बसू नका. विभाग कधीही, पाचव्या महिन्यातही, रिट टाकून तुमच्या गैरहजेरीत स्थगिती मागू शकतो. हायकोर्टात कॅव्हेट, म्हणजे 'आमचं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये' असा अर्ज, टाकून ठेवा. ती 90 दिवस चालते, मग नवी टाकावी लागते. मोबाइलमध्ये पंच्याऐंशीव्या दिवसाची आठवण लावा. बदली सोलापुरातली असली तरी आदेश मंत्रालयातून निघालेला असेल तर विभाग मुंबईला जाण्याचा प्रयत्न करू शकतो, म्हणून कोल्हापूर आणि मुंबई दोन्हीकडे टाकलेली बरी.

कॅव्हेट चुकली आणि एकतर्फी स्टे झालाच, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226(3) खाली तो उठवायचा अर्ज करा. अर्ज मिळाल्यापासून किंवा प्रत समोरच्या वकिलांना दिल्यापासून, जे नंतर असेल तेव्हापासून, दोन आठवड्यांत तो निकाली काढायचा असं त्यात म्हटलं आहे. अर्जात पहिल्याच परिच्छेदात आदेशाची तारीख, पालनाची तारीख, अवमान अर्जाची तारीख आणि रिटची तारीख एकाखाली एक मांडा. अवमान अर्जानंतर नऊ दिवसांनी रिट आली असेल तर त्या चार ओळीच पुरेसं बोलतात. वर विशेषणं नकोत.

मूळ अर्ज मॅटमध्ये अंतिम निकाली निघाला की अंतरिम आदेश त्यात विरतो आणि त्यावरची रिट निरर्थक ठरते. त्यामुळे हायकोर्टाच्या प्रत्येक तारखेच्या आदल्या दिवशी मॅटची स्थिती तपासा. हायकोर्टाने 'ओए आठ आठवड्यांत ऐका' म्हटलं तर त्या आदेशाची प्रत मॅटच्या कार्यालयात स्वतः नेऊन द्या आणि एमएद्वारे तारीख अलीकडे मागा. आपोआप कुणी ती तारीख बदलत नाही.